नारळ हातात होता म्हणून

द्वारका,

तुझ्या दहाव्याला मी रडलो नाही. लोकांना वाटलं, मिस्तरीनं मन घट्ट केलंय. तसं काही नव्हतं. मी थकलो होतो. आठवड्यातून दोन-तीनदा तुला डायलिसिसला नेणं, त्या मशीनशेजारी प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसून राहणं, परतीच्या रस्त्यावर तू खिडकीला डोकं टेकून झोपलीस की खड्डे चुकवत गाडी चालवणं, हे सगळं अंगात साठत गेलं होतं. तू गेलीस आणि ते एकदम पायात उतरलं. नदीच्या काठावर मला उभं राहवत नव्हतं. कधी एकदा घरी जाऊन आडवा होतो असं झालं होतं. भावाच्या मनात त्या वेळी हे असावं याची लाज वाटते, पण होतं ते हेच.

पिंडाला कावळा शिवेना. समोरच्या बाभळीवर तिघं-चौघं बसले होते, एक तर चोच पुसत होता, पण खाली कुणी उतरेना. दाजी हात जोडून म्हणाले, मी वेळेवर जेवीन, तब्येतीला जपीन, तू काळजी करू नको. काही नाही. मावशी म्हणाली, "तिला गोडाचा कंटाळा. भरीत ठेवा भरीत." भरीतही ठेवून झालं. ऊन चढलं, न्हाव्याला दुसरीकडे जायचं होतं. तेव्हा सरपंच माझ्या कानाशी आले.

"मिस्तरी, बोला. तिच्या त्या थाळीफेकीच्या सर्कलवर चौथरा बांधतो म्हणा. ग्रॅनाइटचा. वर पुतळा बसवू. गावाचं नाव केलं पोरीनं."

मी मोठ्यानं म्हणालो, द्वारके, तुझ्या सर्कलवर चौथरा बांधतो. कावळा झपकन खाली आला.

सगळ्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. बघा, पोरीच्या मनात हेच होतं, असं जो तो म्हणू लागला. तुझ्या मनात असलं काही नव्हतं, हे मला माहीत होतं. तोंडानं चौथरा म्हणत असताना माझ्या मनात दुसरंच आलं होतं, उन्हाळ्यात तू मला सांगितलेलं काम. ते मी केलं नव्हतं. कावळा कोणत्या बोलण्यावर उतरला हे त्यालाच ठाऊक.

तुझ्याबद्दल पेपरात छापून आलं, ते बरं लिहिलं होतं. राज्याची विजेती, देशाची विजेती, पुसेगावची कन्या. आपलं खळं त्यात नव्हतं. असणार तरी कसं? खळं काय असतं हे आता गावातल्या पोरांनाही सांगावं लागतं.

आबा दर वर्षी खळं करायचे. जमीन खणून, पाणी मारून, चोपून चोपून घट्ट करायची आणि वरून शेणानं सारवायची. त्यावर ज्वारीची मळणी. मळणी झाली की पाऊस येईपर्यंत ती गोल जागा तशीच मोकळी पडायची. शाळेतल्या खेळाच्या सरांनी तुला एक जुनी थाळी दिली होती, कडेचं लाकूड सोललेली. ते म्हणाले, थाळीफेकीला गोल आखलेली, टणक जागा लागते, ती आपल्या शाळेत नाही. तू म्हणालीस, आमच्या वावरात हाय.

"चप्पल काढ," आबांनी पहिल्याच दिवशी बांधावरून आवाज दिला. "लक्ष्मी हाय ती. खळ्यावर चप्पल चालत न्हाई."

तू चप्पल काढलीस आणि अनवाणी पायांनी गिरकी घ्यायला शिकलीस. मी बारावीनंतर शिक्षण सोडून मिस्तरीच्या हाताखाली लागलो होतो. कामावरून आलो की तू मला समोरच्या नांगरटीत उभं करायचीस, थाळी आणून द्यायला. एकदा कंटाळा आला म्हणून मी ती तिथूनच भिरकावली. तू केवढी ओरडलीस.

"थाळी हातात आणून द्यायची असती. भाकर अशी फेकून वाढतो का तू?"

तेव्हापासून आजपर्यंत कुणाच्या हातात काही द्यायचं असलं की मी चालत जाऊन देतो. वीटसुद्धा. माझ्या हाताखालचे पोट्टे हसतात.

हिंगोलीच्या जिल्हा स्पर्धेत तू अनवाणीच उतरलीस. इतर शाळांच्या पोरी पांढरे बूट घालून आल्या होत्या. त्यातल्या एकीनं विचारलं, "काय गं, चपला चोरीला गेल्या का?" तू म्हणालीस, "न्हाई, खळ्याच्या बाहेर काढून ठेवल्यात." आणि मग तुझी थाळी त्यांच्या थाळ्यांच्या इतकी पुढं जाऊन पडली की टेप धरणारा माणूस चालून चालून वैतागला. त्या दिवशी एसटीत तू थाळी मांडीवर घेऊन बसली होतीस, लेकरू घ्यावं तशी. मला तेव्हा काय वाटलं हे मी कधी बोललो नाही. मला तुझा हेवा वाटला होता. थोडाच, वाटेतलं नरसी गाव येईपर्यंत. पण वाटला होता.

मग तू बाहेर गेलीस, वसतिगृहात राहिलीस, तिथं तुला बूट घालायला लावले. राज्यात पहिली आलीस. खेळाडूंच्या जागेतून नोकरी लागली. मीही तोवर हाताखालून सुटून स्वतःची कामं घ्यायला लागलो होतो. आपापल्या परीनं आपण दोघंही नाव काढत होतो. तुझं पेपरात यायचं, माझं सेनगावच्या रस्त्यावरच्या गावांमध्ये घेतलं जायचं. सिमेंटचा कोबा करावा तर पुसेगावच्या दत्ता मिस्तरीनं. त्याच्या कोब्यात तोंड दिसतं.

त्या हिवाळ्यात तू सुट्टीवर आलीस. थोड्या दिवसांत मोठं शिबिर होतं आणि त्यातून भारताचा संघ निवडला जाणार होता. आपलं खळं तेव्हा मोडलं होतं. ज्वारी गेली, सोयाबीन आलं, मळणी यंत्रावर व्हायला लागली. खळ्याच्या जागेवर गवत होतं.

"दादा, तिथंच सिमेंटचं सर्कल करून देतो का? सरावात खाडा नको पडायला."

तू माझ्याकडं मागितलेली ती पहिली वस्तू असावी. भाऊबीजेला मी साडी द्यायचो, तू ती आईच्या पेटीत ठेवून द्यायचीस. आता मात्र तू माझ्या हातचं काम मागत होतीस, जे मला चांगलं येत होतं. मी लोखंडी कडी वळवून आणली. खाली दगडाची सोलिंग भरली. वर काँक्रीट, त्यावर कोबा. कोरडं सिमेंट भुरभुरून गुरमाळ्यानं घोटत राहिलो, हात भरून आले तरी घोटत राहिलो. कडेनं लाल रंगाची पट्टी काढली. गाभाऱ्याला केला नसेल असा कोबा मी तुझ्या सर्कलला केला. पाणी मारून, गोणपाट टाकून, दिवस भरेपर्यंत कुणाला पाय ठेवू दिला नाही.

थाळी फेकणाऱ्याला खरखरीत जमीन लागते, पाय धरणारी. साधा झाडू फिरवून सोडून दिलेलं काँक्रीट. हे मला ठाऊक नव्हतं. विचारायचं सुचलंही नाही. चांगलं म्हणजे गुळगुळीत, एवढंच माझ्या हातांना शिकवलेलं होतं. तू तर देशभरची सर्कलं पाहिली होतीस.

त्या सकाळी मी माणसं बोलावली. आबा फेटा बांधून आले, आळीतले लोक आले, मास्तर आले. दव पडलं होतं. मी नारळ घेऊन उभा होतो. तू बूट घालून आलीस, सर्कलच्या कडेला उकिडवी बसलीस, तळहात कोब्यावरून फिरवलास आणि उलटा करून बघितलास. मग वर माझ्याकडं पाहिलंस. नारळाकडं पाहिलंस. हसलीस.

"दादा, ह्यात तर बघून वेणी घालता येईल."

सगळे हसले. सगळ्यात मोठ्यानं मी हसलो. नारळ फोडला, पाणी कडेला शिंपडलं, म्हणालो, फेक.

गिरकी अर्ध्यापर्यंत सुरेख आली. मग उजवा पाय मधोमध येऊन टेकायचा, तो टेकलाच नाही. वाहत गेला. तुझ्या गुडघ्यातून आवाज आला. नारळ फुटल्यासारखा आला, असं मी इतकी वर्षं म्हणत आलो आणि तू दर वेळी चिडायचीस. "लाकूड मोडल्यावानी आला. नारळ-बिरळ काही न्हाई. माझा गुडघा हाय, मला ठाऊक."

थाळी तुरीत जाऊन पडली. आणि द्वारका, मी काय केलं तर आधी थाळी आणायला पळालो. सवय. लोक तुझ्याभोवती गोळा झाले आणि मी तुरीत वाकून थाळी शोधत होतो. परत आलो तेव्हा आबांच्या मांडीवर तुझं डोकं होतं. तू ओठ आवळून हात पुढं केलास आणि थाळी घेतलीस. हातात आणून दिली म्हणून असेल, मान हलवलीस.

ऑपरेशन झालं. शिबिर गेलं. संघ तुझ्याशिवाय परदेशी गेला. त्यानंतर तुला ती निळी जर्सी कधी मिळाली नाही. पुढं तू काय काय जिंकलीस ते जगाला माहीत आहे, पण ती मिळाली नाही.

तू खाटेवर असताना मी पहार घेऊन शेतात गेलो होतो. सर्कल फोडायला. आबांनी घरी येऊन सांगितलं असणार, कारण तू कुबड्या घेऊन, दाजींच्या, म्हणजे तेव्हा ते दाजी नव्हते, शेजारच्या गावचे नुसते मास्तर होते, त्यांच्या स्कूटरवर बसून आलीस.

"ठेव ती पहार. काहून फोडतो?"

"पुन्हा कुणी पडंल."

"पडलं तर उठंल. चांगलं काम हाय. जरा जास्तच चांगलं झालंय, एवढंच."

मग तू जे केलंस ते दुसऱ्या कुणाला सुचलं नसतं. गल्लीतून सखूबाई जायची, आठवते ना, पाट्या-वरवंट्याला टाकी लावणारी. छोटी छन्नी नि हातोडी घेऊन दारोदार फिरायची. पाटा वापरून गुळगुळीत झाला की त्यावर बारीक बारीक खाचा पाडून द्यायची, म्हणजे मसाला पुन्हा धरतो. तू तिला शेतात नेलंस. ती सर्कलकडं बघतच राहिली.

"अगं बाई, एवढा मोठा पाटा कोणाच्या घरचा? हत्तीला चटणी लागली का काय?"

"मलाच वाटायचंय त्याच्यावर," तू म्हणालीस. "बारीक लाव टाकी. पाय धरला पाहिजे."

"पाय वाटायचाय? शिकल्या-सवरल्या पोरी कामातून गेल्या बाई."

बडबडत, हसत ती मधोमध फतकल मारून बसली आणि कडेकडेनं सरकत, ठकठक करत सगळ्या सर्कलला तिनं टाकी लावून काढली. मी लांबून बघत होतो. माझ्या कोब्यावर, ज्यात तोंड दिसायचं त्या कोब्यावर, एक बाई देवीच्या व्रणांसारखे व्रण पाडत होती. तुला सांगतो, मला राग आला. माझ्यामुळं तुझा गुडघा गेला आणि राग मला आला, माझं काम बिघडलं म्हणून. कितीतरी दिवस मी त्या बाजूला फिरकलो नाही. तुला वाटलं, दादाला वाईट वाटतंय. वाटत होतं ते वाईटच, पण त्यात हेही मिसळलेलं होतं.

तू पहिल्यांदा चाललीस ती त्याच सर्कलवर, अनवाणी. पायाला टोचतं म्हणत, शिव्या देत. मग बूट चढवलेस. आणि मग एका संध्याकाळी कुठल्याशा लांबच्या शहरातून फोन आला.

"दादा, पहिली आले. देशात."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"ऐकून राहिला ना? इथलं सर्कल आपल्यावानी टोचत न्हाई. न्हाईतर अजून लांब गेली असती."

पुढल्या वर्षी तू पुन्हा जिंकलीस. त्या दोन्ही सुवर्णपदकांच्या आत एक गोळी होती, हे आम्हाला घरी माहीत होतं. गोळी घेतली की गुडघा गप बसतो, असं तू म्हणायचीस. सकाळी एक, सरावाआधी एक. खेळ सुटला, तू हिंगोलीला दाजींकडं राहायला लागलीस, शाळेत खेळ शिकवायला लागलीस, तरी गोळी सुटली नाही. दर रविवारी तू वावरात यायचीस, आसपासच्या गावांतल्या आणि तांड्यावरच्या पोरींना त्या सर्कलवर उभं करायचीस, आणि लंगडत लंगडत त्यांच्याभोवती फिरायचीस. किडन्या खराब झाल्याचं कळलं तेव्हा मी डॉक्टरांना एकट्याला गाठून विचारलं, त्या गोळ्यांनी झालं का? ते म्हणाले, असू शकतं, खात्रीनं सांगता येत नाही. मला खात्रीची गरज नव्हती. माझी किडनी द्यायची तयारी होती, पण मला साखर निघाली आणि डॉक्टरांनी नको म्हटलं. तेवढंही माझ्या हातून तुला मिळालं नाही.

आपलं भांडण मात्र शेवटपर्यंत चाललं. लोकांच्या भाऊ-बहिणींची भांडणं वावरावरून होतात, आपलं एका वाक्यावरून. मी म्हणायचो, तुला दिसलं होतं. तू म्हणायचीस, न्हाई दिसलं. भाऊबीजेला पाटावर बसलो की माझ्या तोंडातून निघायचंच.

"तू हात फिरवून बघितला होता. तुला कळलं होतं का न्हाई, खरं सांग."

"वर बघ. कुंकू डोळ्यात जाईल."

"तुला कळलं होतं. तरी फेकली."

"माझाच पाय चुकला म्हणून सांगितलं ना? चॅम्पियनचा पाय चुकत न्हाई का? गप ओवाळून घे. दर वर्षी तेच तुझं."

आता विचार करतो, मी का इतका मागे लागलो होतो? तू एकदा तरी म्हणावंस, होय, तुझ्यामुळं पडले. मग मला तुझी माफी मागता आली असती. तू आरोपच करत नव्हतीस, तर मी माफी मागू कुठून? तू मला वाचवत होतीस आणि मी त्यात गुदमरत होतो. हे तुला कळत होतं की नाही, मला माहीत नाही.

त्या दुपारी दवाखान्यात मशीन चालू होतं. दाजी खाली औषधं आणायला गेले होते. मी काहीच विचारलं नव्हतं. तू डोळे मिटूनच बोललीस.

"दादा, दिसलं होतं रे."

मी खुर्ची पुढं सरकवली.

"हात लावला तवाच कळलं, इथं पाय टिकणार न्हाई. पण तू नारळ घेऊन उभा होतास. आबा फेटा बांधून आले होते. काय म्हणू मी? तुझं तोंड बघवलं नसतं मला." मग एक डोळा उघडून म्हणालीस, "घे. झालं समाधान?"

इतकी वर्षं ज्या वाक्याची वाट बघितली ते तू माझ्या हातात आणून दिलंस. आणि मी काय म्हणालो? मी म्हणालो, चहा आणतो.

खाली जाऊन कँटीनमधून चहा घेतला. जिन्याच्या वळणावर उभा राहिलो. काय बोलायचं ते जुळवत होतो. शब्द सापडेपर्यंत चहावर साय धरली. वर आलो तर तू झोपली होतीस. त्यानंतर आपण रोज बोललो, पण ते औषधांचं, उशीचं, पंख्याचं बोलणं. त्या बोलण्याकडं तू परत गेली नाहीस आणि माझी हिंमत झाली नाही. मग तू गेलीसच.

उन्हाळ्यातलं तुझं काम हे की सर्कलची टाकी पुन्हा झिजली होती. दर दोन-तीन वर्षांनी तू ती लावून घ्यायचीस. आता सखूबाई नाही, आणि मिक्सर आल्यापासून तिच्यासारख्या कुणी येतही नाहीत. तू म्हणालीस, "दादा, तूच लाव. छन्नी-हातोडी हाय की तुझ्यापाशी. पोरी घसरतील." मी म्हणालो, बघू, ऊन उतरू दे. पाऊस लागला, तर म्हणालो, उघडू दे. पाऊस उघडला. मी म्हणालो, सोयाबीन निघू दे. दवाखान्याच्या खेपांनी थकलो होतो हे खरंच. पण त्या कोब्यावर स्वतःच्या हातानं घाव घालायचा म्हटलं की माझा हात उचलत नव्हता, हे जास्त खरं.

दहाव्यानंतर सरपंचांनी शब्द पाळला. ग्रॅनाइटचे काळे तुकडे ट्रॉलीतून आले आणि बांधाशी रचले गेले. तोंड दिसेल असे. मी टेप घेऊन मोजमापाला गेलो. सकाळची वेळ, दव पडलेलं. सर्कलच्या कडेला उकिडवा बसलो आणि सहज तळहात फिरवला. पार गुळगुळीत. हात उलटा केला, ओला होता. त्यावर ना माती, ना ओरखडा. तेव्हा मला कळलं की त्या सकाळी तुला किती पटकन कळलं असेल. आणि हेही कळलं की मी पुन्हा तेच करायला निघालोय. मानानं, प्रेमानं, माणसं बोलावून, तुझ्या सर्कलवर आरसा बसवायला.

टेप खिशात घातला. गाडीतून छन्नी आणली आणि मधोमध बसलो. सखूबाई बसायची तसा.

मला ते काम येत नाही, द्वारका. तिचा घाव हलका आणि सारखा पडायचा. माझा कुठं खोल जातो, कुठं नुसता सरकतो. इतकी वर्षं या हातांनी खडबडीत ते गुळगुळीत केलं, उलटं करायला ते तयार नाहीत. पाठ भरून येते, बोटांना मुंग्या येतात. थोडं करून पडून राहायचं, मग पुन्हा थोडं. असे दिवस गेले. दाजी एकदा पाण्याची बाटली घेऊन आले, शेजारी बसले आणि उडालेली कपची फडक्यानं झाडत राहिले.

सरपंच आले ते गाडीवरूनच ओरडत.

"मिस्तरी! ग्रॅनाइट येऊन पडलंय अन् तुमी जुनंच खरवडून राहिले? कशाची तयारी ही?"

"चौथरा इथं न्हाई करायचा, सरपंच."

"अरे, कावळ्यासमोर बोलला तुमी! सगळ्या गावानं ऐकलं."

"तोंडानं ते बोललो. मनात दुसरं बोललो होतो."

"मग कावळा कोणतं ऐकून आला?"

"ते त्यालाच विचारावं लागंल."

ते गाडीवरून उतरले. माझ्याकडं बघितलं, माझ्या सुजलेल्या बोटांकडं बघितलं. माणूस वाईट नाही, तुला माहीत आहे. तुझा खरंच अभिमान आहे त्यांना. मी म्हणालो, त्या बांधावरच्या लिंबाखाली कट्टा बांधतो, तुमचंच ग्रॅनाइट लावून. पोरी बसतील, बूट घालतील, डबा खातील. नाव टाका त्याच्यावर मोठ्या अक्षरात. पण सर्कल उघडं राहू द्या.

"अन् पुतळा?"

"ती कधी एका जागी उभी राहिली होती का?"

ते हसले नाहीत, पण डोक्यावरची टोपी काढून पुन्हा घातली. जाताना म्हणाले, "कट्ट्याचा कोबा मात्र चांगला घोटा. तिथं कोणी पळणार न्हाई."

काल रविवार होता. पोरी येतील असं मला वाटलं नव्हतं. तू नाहीस, कोण शिकवणार? पण आल्या, बूट हातात घेऊन, बांधावरून एका रांगेत. खळं कधी पाहिलेलं नाही त्यांनी, पण तू लावलेली शिस्त आहे, कडेच्या बाहेर चपला काढून ठेवतात. मी बाजूला झालो. त्यांतली तांड्यावरची एक थोराड पोरगी अनवाणीच आत गेली, दोनदा गिरकी मारली, थांबली. मग कडेला येऊन पायानं घासून बघितलं.

"मामा, ह्या बाजूला अजून घसरतंय."

बाकीच्या दचकल्या. एकीनं तिला कोपर मारलं. "गप गं. इतके दिवस बसून केलंय त्यांनी."

"मग? घसरतंय तर घसरतंय."

द्वारका, त्या सकाळी तू एवढंच म्हणाली असतीस तर मी काय केलं असतं, हे मी आयुष्यभर स्वतःला विचारलं. चिडलो असतो बहुतेक. चार लोकांत तोंड पडलं म्हणून दोन दिवस बोललो नसतो. मग आलो असतो, खरवडून दिलं असतं. एवढंच झालं असतं. तू मात्र माझं तोंड बघवणार नाही म्हणून स्वतःचा पाय टाकलास. जिन्याच्या वळणावर चहा हातात घेऊन जे बोलायचं होतं ते हे होतं. माझं चुकलं. आणि मला वाचवायला नको होतंस.

पोरगी कमरेवर हात ठेवून वाट बघत होती.

"कुठं?" मी विचारलं. "बोटानं दाखव."

तिनं दाखवलं. या वेळी माझ्या हातात नारळ नव्हता. मी छन्नी उचलली आणि तिनं दाखवलेल्या जागी जाऊन बसलो.